नकाराचं ते पत्र फाडू नका

प्रश्न : मी ३१ वर्षं शिक्षिका म्हणून नोकरी करून निवृत्त झाले. उपदान (ग्रॅच्युइटी) आणि वेतन फरकाची थकबाकी मिळेना, निवड श्रेणीही (ठराविक सेवेनंतरची वरची वेतनश्रेणी) दिली नव्हती, म्हणून उच्च न्यायालयात रिट याचिका केली. गेल्या वर्षी १० मार्चला निकाल माझ्या बाजूनं लागला. आदेशात दोन गोष्टी आहेत. एक, उपदान व वेतन फरकाची थकबाकी द.सा.द.शे. ६ टक्के व्याजासह, आदेशाची प्रत मिळाल्यापासून १२ आठवड्यांत द्यावी. दोन, निवड श्रेणीच्या माझ्या अर्जाचा कायद्यानुसार विचार करून त्याच मुदतीत निर्णय घ्यावा. २५ मार्चला मी स्वतः कार्यालयात जाऊन झेरॉक्स दिली. पोच मागितली तर ‘पोच कशाला, साहेबांच्या टेबलावर ठेवतो’ म्हणाले. ४ ऑगस्टला पत्र आलं, ‘निवड श्रेणीचा अर्ज नियमात बसत नसल्याने अमान्य करण्यात येत आहे.’ पैशांबद्दल अवाक्षर नाही. त्यानंतर तीन खेपा झाल्या. जुने साहेब बदलून गेले. नवे म्हणतात, मी आदेश वाचलेला नाही. टेबलावरचे म्हणतात, आम्ही वरच्या कोर्टात जाणार आहोत. आता मला पैशांपेक्षा त्यांना तुरुंगात गेलेलं बघायचंय. कोर्टाच्या आदेशालाही कुणी जुमानत नसेल तर तो आदेश कशाचा? ते पत्र तर फाडून टाकावंसं वाटतं. पुतण्या म्हणतो, सगळं फेसबुकवर लिहू, न्यायाधीशही त्यांना सामील असतील. अवमान याचिका करावी का?

उत्तर :

बाई, नमस्कार.

ते पत्र आधी कपाटात नीट ठेवा. शक्य असेल तर आजच त्याच्या दोन प्रती काढा. त्या पत्रानं तुम्हाला जेवढा मनस्ताप दिला, तेवढंच ते पुढे तुमच्या कामी येणार आहे. कसं, ते सांगतो.

तुमच्या हातून एकच चूक झाली, आणि ती बहुतेक सगळ्यांच्या हातून होते. झेरॉक्स दिली, पोच घेतली नाही. आदेशातली मुदत ‘प्रत मिळाल्यापासून’ १२ आठवडे अशी आहे. म्हणजे घड्याळ सुरू कधी झालं, हे प्रत कार्यालयात पोचल्याच्या तारखेवर ठरतं. उद्या अवमानाचा अर्ज केला की समोरून पहिलं उत्तर येईल : आम्हाला आदेशाची प्रत मिळालीच नाही. तुमच्याकडे आवक शिक्का नाही, मग तुम्ही काय दाखवणार?

तुम्ही ते ४ ऑगस्टचं पत्र दाखवणार. सरकारी पत्राच्या वरच्या बाजूला विषयाच्या खाली ‘संदर्भ’ असतो. मला खात्री वाटते की तुमच्या पत्रात तिथे आदेशाची तारीख आणि याचिकेचा क्रमांक असणार, कारण निवड श्रेणीवर निर्णय घ्यायला त्यांना न्यायालयानंच सांगितलं होतं. चष्मा लावून ती ओळ वाचा. संदर्भात १० मार्चचा आदेश असेल, तर निदान ४ ऑगस्टला तो आदेश कार्यालयात होता, कुणीतरी तो वाचला होता आणि त्यावर सही करून कारवाई केली होती, हे त्यांच्याच जावक क्रमांकानिशी सिद्ध होतं. आदेशाचं दुसरं कलम वाचणाऱ्याला पहिलं दिसलं नाही, असं म्हणणं कुठल्याही न्यायालयात टिकणं अवघड आहे. ज्या कागदावर तुमचा राग आहे, तोच त्यांच्याविरुद्धचा सगळ्यात भक्कम पुरावा आहे.

आता तुमचा मुख्य प्रश्न. अवमान याचिका करावी का? अर्ध्या आदेशासाठी करावी, आणि लवकर करावी. उरलेल्या अर्ध्यासाठी करू नये. हे ऐकून वाईट वाटेल, पण इथेच बहुतेकांची फसगत होते, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

न्यायालय अवमान अधिनियम, १९७१ मध्ये अवमान दोन प्रकारचा सांगितला आहे, दिवाणी आणि फौजदारी. तुमचा विषय दिवाणी अवमानाचा. न्यायालयाचा निकाल, हुकूम, आदेश किंवा निर्देश हेतुपुरस्सर न पाळणं, किंवा न्यायालयाला दिलेली हमी हेतुपुरस्सर मोडणं, अशी त्याची व्याख्या कलम २ मध्ये आहे. त्यातला ‘हेतुपुरस्सर’ हा शब्द सगळ्यात वजनदार. आदेश पाळला गेला नाही एवढं दाखवून भागत नाही. तो माहीत होता, पाळता येण्यासारखा होता, तरीही पाळला नाही, हे दाखवावं लागतं. आदेशाचे प्रामाणिकपणे दोन अर्थ निघत असतील आणि समोरच्यानं त्यातला एक धरला असेल, तर न्यायालय सहसा शिक्षेपर्यंत जात नाही.

या कसोटीवर तुमचा आदेश लावून बघा. पहिल्या कलमात क्रियापद आहे ‘द्यावी’. किती टक्के व्याज, किती आठवड्यांत, सगळं स्पष्ट. यात दुसरा अर्थ काढायला जागाच नाही. पैसे आले नाहीत, मुदत संपली, आदेश माहीत असल्याचा कागद तुमच्याकडे आहे. हा अवमानाचा विषय आहे.

दुसऱ्या कलमात क्रियापद आहे ‘विचार करून निर्णय घ्यावा’. न्यायालयानं निवड श्रेणी द्या असं म्हटलेलं नाही, निर्णय घ्या असं म्हटलं आहे. त्यांनी निर्णय घेतला. उशिरा घेतला, एका ओळीत घेतला, चुकीचाही असेल, पण घेतला. सर्वोच्च न्यायालयानं १९९६ साली जे. एस. परिहार विरुद्ध गणपत दुग्गर या प्रकरणात हेच सांगितलं : न्यायालयाच्या निर्देशानुसार एकदा निर्णय झाला की तो निर्णय बरोबर की चूक हा नवा वाद होतो. त्यासाठी नव्यानं दाद मागायची. अवमानाच्या न्यायालयाला मूळ आदेशाच्या पलीकडे जाऊन नवा हक्क देता येत नाही.

तेव्हा ‘नियमात बसत नाही’ या ओळीविरुद्ध तुमचा मार्ग नव्या रिट याचिकेचा. कोणता नियम, का बसत नाही, हे त्यांनी सांगितलेलंच नाही. कारणं न देता फेटाळलेला अर्ज रद्द करून घ्यायला हा चांगला मुद्दा आहे. ऑगस्टपासून पाच महिने गेलेत. रिट याचिकेला वर्षाची अशी ठोक मुदत नसली तरी उशीर झाला की न्यायालय कारण विचारतं, म्हणून तीही लांबवू नका. मात्र दोन्ही गोष्टी एकाच अवमान अर्जात कोंबू नका. तसं केलं की समोरचे वकील सगळा वेळ निवड श्रेणीवर बोलतील, आणि जे पैसे निर्विवाद तुमचे आहेत त्यांचा विषय मागे पडेल.

तुमच्या वकिलांनी आदेशाचा जो मराठी सारांश सांगितला, तो बरोबर असेलच. तरी मूळ इंग्रजी आदेशाचे शेवटचे दोन-तीन परिच्छेद त्यांच्यासमोर बसून शब्द न शब्द समजून घ्या. ‘सुनावणी देऊन’ किंवा ‘कारणांसह’ असे शब्द दुसऱ्या कलमात असतील आणि त्यांनी तुम्हाला बोलावलंच नसेल, तर चित्र थोडं बदलतं आणि त्या निर्देशाचा भंग झाला असं म्हणता येतं. एकेका शब्दावर इथे पुष्कळ काही अवलंबून असतं.

आता तारखा. पत्र वाचताना मला खरी धास्ती वाटली ती इथे.

१९७१ च्या अधिनियमाचं कलम २० सांगतं की अवमान घडल्याचं ज्या तारखेला म्हटलं जातं, तिच्यापासून एक वर्षानंतर अवमानाची कार्यवाही सुरू करता येत नाही. पल्लव शेठ प्रकरणात २००१ साली सर्वोच्च न्यायालयानं याचा अर्थ स्पष्ट केला : अर्ज वर्षाच्या आत दाखल झालेला असला पाहिजे. न्यायालयानं नोटीस नंतर काढली तरी चालते. पण अर्जाला उशीर चालत नाही.

वकिली सुरू केली त्या काळात माझ्याकडे एक वृद्ध गृहस्थ आले होते. प्लॅस्टिकच्या पिशवीत जपून ठेवलेला आदेश होता, अगदी स्पष्ट, पैसे द्या म्हणणारा. ते दर महिन्याला त्या कार्यालयात जात होते, आणि दर महिन्याला त्यांना ‘पुढच्या आठवड्यात या’ सांगितलं जात होतं. माझ्याकडे आले तेव्हा मुदत संपून १४ महिने झाले होते. अवमानाचं दार बंद झालं होतं. दुसरा मार्ग काढला, पैसेही मिळाले, पण त्यात आणखी दोन वर्षं गेली. त्या माणसानं काहीच चुकीचं केलं नव्हतं. तो फक्त सभ्यपणे थांबला होता. तेव्हापासून असं पत्र आलं की मी आधी तारखा मोजतो.

तुमच्या तारखा मी अशा मोजल्या. आदेश पाळला गेला नाही हे दाखवताना सगळ्यात उशिराची तारीख धरायची, म्हणजे समोरच्याला हरकत घ्यायला जागा उरत नाही. तुमची २५ मार्चची झेरॉक्स बाजूला ठेवू. त्यांच्याच ४ ऑगस्टच्या पत्रापासून १२ आठवडे धरले तरी २७ ऑक्टोबरला मुदत संपते. आज जानेवारी आहे. कसंही मोजा, मुदत उलटून गेलेली आहे.

आणि एक वर्षाची मुदत मोजताना याच्या उलट करायचं, सगळ्यात आधीची तारीख धरायची. आदेश सरकारी वकिलांच्या समोर झाला, त्या दिवसापासूनच माहिती होती असं कुणी म्हणालं, तर १० मार्चपासून १२ आठवडे २ जूनला संपतात. म्हणून तुमच्यासाठी शेवटची तारीख या वर्षीची २ जून समजा. त्यापुढची कुठलीही तारीख मनात धरू नका. शक्यतो मार्च संपण्याआधीच अर्ज दाखल झालेला असावा. उन्हाळ्याची सुट्टी, वकिलांची गैरसोय, रजिस्ट्रीनं (न्यायालयाच्या कार्यालयानं) काढलेल्या त्रुटी, यांत दोन महिने कसे जातात कळत नाही. ‘पैसे अजून दिलेले नाहीत, म्हणजे अवमान रोज चालूच आहे’ असंही तुम्हाला कुणी सांगेल. हा युक्तिवाद काही प्रकरणांत मान्य झाला आहे, काहींत नाही. हातात वेळ असताना त्याच्या भरवशावर राहायचं कारण नाही.

अर्जाआधी एक पत्र द्या. अधिनियमात तशी सक्ती नाही, पण अवमानाचं न्यायालय हेतू बघतं, आणि शेवटची संधी देऊनही पैसे दिले नाहीत हे त्या पत्रानं ठळक होतं. या पत्रात एक खाच आहे. ‘आदेशाची प्रत सोबत जोडली आहे’ एवढंच लिहिलंत, तर प्रत आत्ताच मिळाली, १२ आठवडे आता सुरू झाले, असं म्हणायला ते मोकळे होतील. म्हणून मजकूर साधारण असा असावा :

‘मा. उच्च न्यायालयाने रिट याचिका क्रमांक अमुकमध्ये दिनांक १० मार्च रोजी दिलेल्या आदेशाची प्रत मी दिनांक २५ मार्च रोजी आपल्या कार्यालयात समक्ष दिली होती. आपल्या कार्यालयाच्या दिनांक ४ ऑगस्टच्या पत्रातही सदर आदेशाचा संदर्भ आहे. आदेशानुसार उपदान व वेतन फरकाची थकबाकी व्याजासह १२ आठवड्यांत देणे बंधनकारक होते. ही मुदत संपूनही रक्कम मिळालेली नाही. आदेशास स्थगिती मिळाली असल्यास तिची प्रत द्यावी. स्थगिती नसल्यास १५ दिवसांत संपूर्ण रक्कम अदा करावी, अन्यथा न्यायालय अवमान अधिनियम, १९७१ अन्वये अर्ज करणे मला भाग पडेल. आदेशाची प्रमाणित प्रत माहितीसाठी पुन्हा जोडत आहे.’

यातला ‘पुन्हा’ हा शब्द विसरू नका. एक प्रत समक्ष देऊन दुसऱ्या प्रतीवर आवक शिक्का आणि तारीख घ्या. शिक्का देत नसतील तर वाद घालू नका, स्पीड पोस्टानं पाठवा, पावती आणि ते पोचल्याची ऑनलाइन नोंद छापून ठेवा. कार्यालयाच्या अधिकृत ईमेलवरही पाठवा. पत्रात विशेषणं नकोत. तीन खेपा, टेबलावरच्या माणसाचं बोलणं, तुमचा मनस्ताप, हे सगळं खरं आहे, पण ते पत्रात आलं की मुख्य मुद्दा पातळ होतो. आणि हे १५ दिवस तुम्ही दिलेले आहेत, कायद्यानं नव्हे. त्या दिवसांमुळे २ जून पुढे ढकलला जात नाही.

पत्र पदनामासोबत सध्याच्या अधिकाऱ्याच्या नावानं पाठवा. अवमानाचा अर्ज खुर्चीविरुद्ध चालत नाही, माणसाविरुद्ध चालतो. ‘मी आदेश वाचलेला नाही’ असं नव्या साहेबांना आज म्हणता येतं. तुमचं नावानिशी पत्र हातात पडल्यावर म्हणता येणार नाही. जुने साहेब बदलून गेले म्हणून सुटले असंही नाही, कारण मुदत त्यांच्या काळात संपली असेल तर उत्तर त्यांनाही द्यावं लागतं. कोण कोणत्या तारखेपासून कोणत्या तारखेपर्यंत त्या पदावर होतं, आणि तुमच्या आदेशाच्या फाईलवर काय टिपण्या झाल्या, हे माहितीच्या अधिकारात आजच मागा. कायद्यानं ३० दिवसांत उत्तर द्यायचं असतं. ‘आदेश झाला आहे, पण तूर्त थांबावे’ अशी टिपणी कुणी लिहिलेली असेल, तर हेतू दाखवायला याहून चांगला कागद नाही.

‘वरच्या कोर्टात जाणार आहोत’ याला घाबरू नका. जाणार असणं म्हणजे गेलेलं असणं नव्हे, आणि गेलेलं असणं म्हणजे स्थगिती मिळालेली असणं नव्हे. नुसतं अपील दाखल केल्यानं मूळ आदेश थांबत नाही. स्थगितीचा अर्ज खरोखरच प्रलंबित असेल तर अवमानाचं न्यायालय त्या अर्जाच्या निकालापर्यंत थोडं थांबू शकतं, एवढंच. आदेश मान्य नसलेल्या माणसापुढे प्रामाणिक वाटा तीनच असतात. आदेश पाळायचा, मुदत संपण्याआधी न्यायालयाकडे मुदतवाढ मागायची, नाहीतर वरून स्थगिती आणायची. अनुदान आलं नाही, मंजुरी वरिष्ठांकडे आहे, या अडचणी खऱ्या असू शकतात, आणि खऱ्या असतील तर त्या न्यायालयासमोर जाऊन सांगायच्या असतात. आदेश घेऊन आलेल्या बाईंना खेपा घालायला लावणं ही चौथी वाट कायद्यात नाही. हे लिहिताना मलाही राग येतो, कारण आदेश न मानणाऱ्याला दर महिना फुकट मिळतो आणि आदेश मिळवणाऱ्याचं वय मात्र पुढे जात राहतं.

अर्ज दाखल झाल्यावर काय होईल, त्याची कल्पना आधीच असलेली बरी, म्हणजे पहिल्या तारखेलाच निराशा येणार नाही. अर्ज मूळ आदेश देणाऱ्या उच्च न्यायालयातच करायचा. सोबत तुमचं प्रतिज्ञापत्र, आदेशाची प्रमाणित प्रत, ते नकाराचं पत्र, तुमचं आताचं पत्र आणि पोच. प्रतिज्ञापत्रात निवड श्रेणीचा अर्ज अमान्य झाल्याचं स्वतःहून लिहा. ते लपवलं आणि समोरच्यांनी काढलं, तर पैशांच्या खऱ्या तक्रारीवरही संशय येतो. न्यायालय नोटीस काढेल. बहुतेक वेळा याच टप्प्यावर फाईल हलू लागते. समोरून उत्तर येईल, बिनशर्त माफी येईल, चार-सहा आठवड्यांची मुदत मागितली जाईल, ती मिळेलही. मग रक्कम जमा झाल्याचं प्रतिज्ञापत्र येईल आणि न्यायालय प्रकरण निकाली काढेल.

म्हणजे तुरुंग नाही? बहुधा नाही. तुम्ही मोकळेपणानं विचारलंत, म्हणून मीही मोकळेपणानं सांगतो. कलम १२ प्रमाणे कमाल शिक्षा सहा महिने साधी कैद किंवा दोन हजार रुपये दंड, किंवा दोन्ही. तो दंड तुम्हाला मिळत नाही. दिवाणी अवमानात कैद हा अपवाद मानलेला आहे, दंडानं भागणार नाही असं न्यायालयाला वाटलं तरच. आणि न्यायालयाचं समाधान होईल अशी माफी मागितली तर शिक्षा माफही होते. अधिकाऱ्यांना उठसूट न्यायालयात उभं करू नये, आधी दूरदृश्य प्रणालीनं हजर राहू द्यावं, अशी कार्यपद्धती सर्वोच्च न्यायालयानं ३ जानेवारी २०२४ च्या निकालात घालून दिली आहे. त्यामुळे साहेब पिंजऱ्यात मान खाली घालून उभे, हे चित्र डोळ्यांसमोर ठेवून अर्ज करू नका.

पण शिक्षा होतच नाही असंही समजू नका. आरागिरण्यांबाबतचा आदेश डावलून परवाने दिल्याबद्दल महाराष्ट्राचे तेव्हाचे मंत्री स्वरूपसिंह नाईक आणि वन खात्याचे प्रधान सचिव अशोक खोत यांना सर्वोच्च न्यायालयानं २००६ साली प्रत्येकी एक महिन्याची कैद सुनावली होती. उत्तर प्रदेशचे मुख्यमंत्री राहिलेल्या कल्याणसिंह यांना १९९४ साली एक दिवसाची कैद आणि दोन हजारांचा दंड झाला. एरिक्सन कंपनीचे पैसे देण्याची हमी मोडल्याबद्दल अनिल अंबानी यांना २०१९ च्या फेब्रुवारीत दोषी ठरवून, चार आठवड्यांत पैसे भरा नाहीतर तीन महिने तुरुंग, असं सांगण्यात आलं. मार्चमध्ये पैसे भरले गेले. तुमच्या प्रश्नाला हे शेवटचं उदाहरण सगळ्यात जवळचं आहे. तिथे तुरुंगाची वेळ आली नाही, पण तो समोर दिसत होता म्हणून पैसे आले.

कायद्याच्या दृष्टीनं अवमान ही तुमची आणि त्या साहेबांची लढाई नसते. ती न्यायालय आणि आदेश मोडणारा यांच्यातली बाब असते. तुम्ही फक्त आदेश मोडला गेल्याचं न्यायालयाच्या नजरेला आणून देता. शिक्षा करायची की नाही हे न्यायालय ठरवतं, तुमच्या रागाच्या मापानं नव्हे. म्हणून मनातलं उद्दिष्ट बदला असं मी आग्रहानं सांगेन. अर्ज पैसे मिळवण्यासाठी करा. ते हमखास मिळण्याजोगं आहे. तुरुंग तुमच्या हातात नाही, आणि जे आपल्या हातात नाही त्यासाठी आणखी दोन वर्षं जीव जाळू नका.

पुतण्याला प्रेमानं पण ठामपणे थांबवा. न्यायालयानं तुमच्या बाजूनं आदेश दिला आहे. तक्रार आहे ती आदेश न पाळणाऱ्याविरुद्ध. न्यायाधीश सामील आहेत असं पुराव्याशिवाय जाहीर लिहिणं हा फौजदारी अवमान, म्हणजे न्यायालयाची बदनामी, ठरू शकतो, आणि मग न्यायालयासमोर उत्तर द्यायला तुमचा पुतण्या उभा राहील, साहेब नव्हे. निकाल लागलेल्या प्रकरणातल्या निर्णयावर सभ्य टीका करायला अधिनियमाचं कलम ५ मोकळीक देतं, पण ‘विकले गेले’ ही टीका नव्हे, तो आरोप आहे. साहेबांच्या फोनवर धमकीवजा मेसेज टाकू नयेत, हेही त्याला सांगा. त्यातला एक मेसेज त्यांच्या उत्तराला जोडला गेला की मग चर्चा पैशांची राहत नाही.

तुमच्यासारखी पत्रं इतरांचीही आहेत, म्हणून एक परिच्छेद त्यांच्यासाठी. आदेश खालच्या न्यायालयाचा असेल तर थेट उच्च न्यायालयात अवमानासाठी धावू नका. दाव्यात मिळालेला तात्पुरता मनाई हुकूम समोरच्यानं मोडला, तर ज्या न्यायालयानं तो दिला तिथेच दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३९ नियम २-अ खाली अर्ज करता येतो. त्यात मालमत्ता जप्त होऊ शकते आणि तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैदही होऊ शकते. पैशांचा किंवा ताब्याचा हुकूमनामा (दाव्याच्या निकालाचा आदेश) असेल तर दरखास्त, म्हणजे अंमलबजावणीचा अर्ज, हाच मुख्य रस्ता, आणि त्याला साधारण १२ वर्षांची मुदत आहे. वसुलीचा सरळ मार्ग असताना अवमानाचा अर्ज केला, तर न्यायालय बहुधा त्या मार्गाकडेच परत पाठवतं.

बाई, तुम्ही विचारलंत की कुणी जुमानत नसेल तर तो आदेश कशाचा. ३१ वर्षं वर्गात नियम पाळायला शिकवलेल्या माणसाला हा प्रश्न पडणारच, आणि त्याचं दुःख मी हलकं करू शकत नाही. फक्त एवढं सांगतो, तुमचा आदेश अजून संपलेला नाही. २ जूनपर्यंत तो पूर्ण जिवंत आहे, आणि तो मोडल्याचा पुरावा त्यांनी स्वतःच्या सहीनं तुमच्या घरी पाठवलेला आहे.

या आठवड्यात तीन कामं करा. प्रमाणित प्रत नसेल तर तिचा अर्ज, माहिती अधिकाराचा अर्ज, आणि वकिलांसोबत बसून आदेशाचं वाचन. पुढच्या आठवड्यात पत्र. आणि पैसे आले तर, ते नोटीस निघाल्यावर एकदम येतात आणि सोबत सही करायला एक पावती असते. घाईत सही करू नका. व्याज आदेशात म्हटलेल्या तारखेपासून प्रत्यक्ष रक्कम मिळाल्याच्या दिवसापर्यंत धरलंय का, हे कागदावर आकडे मांडून तपासा. शाळेत शिकवलेलं सरळव्याज इथे पुरेसं आहे. रक्कम कमी वाटली तर ती नाकारू नका, घ्या. पण पावतीवर ‘सर्व येणे मिळाले’ असं छापलेलं असेल तर ते खोडा, आणि सहीच्या वर स्वतःच्या अक्षरात लिहा : ‘उर्वरित रक्कम व निवड श्रेणीबाबतचे हक्क राखून स्वीकारले.’